तुझे कान अजून आमच्याकडे आहेत

विन्या, तुझ्या शोकसभेत माझ्या खिशातून तुझे कान पडले.

असं एकदम सांगायला नको होतं, पण तुला प्रस्तावना कधी सहनच होत नसे. तर झालं असं. माझ्याकडे काळा कोट एकच. ऑडिटला तोच, रिसेप्शनला तोच, आणि तुझ्या नाटकातल्या डॉक्टरच्या अंगावरही तू तोच चढवला होतास. ‘वेगळा शिवायला नको, तुझा कोट असाही चारशे वर्षांपूर्वीचाच वाटतो,’ म्हणालास. शोकसभेला निघताना शुभा म्हणाली, ‘अहो, खिसे बघा.’ मी म्हटलं, ‘बघितले.’ हे उत्तर मी आमच्या संसारात इतक्या वेळा दिलंय की त्यासाठी आता खिशात हात घालावा लागत नाही.

दोह्यात आपण ज्या व्हिलाच्या मजलिसमध्ये, म्हणजे बैठकीच्या खोलीत, तालमी करायचो तिथेच सभा होती. चपला-बूट बाहेर, माणसं भिंतीकडेच्या गाद्यांवर, तुझा फोटो मधोमध. इथल्या मराठी मंडळाच्या वतीने आपले जुने अध्यक्ष अण्णा बोलत होते. ‘विनायक माझं कधी ऐकायचा नाही,’ ते म्हणाले, ‘पण मी काय म्हणालो होतो ते त्याला शब्दन्‌शब्द पाठ असायचं.’ तिथे मला भरून आलं. डोळे पुसायला मी कोटाच्या खिशातून रुमाल ओढला. तो माझा नव्हताच. शुभाचा लेसवाला, नाटकातला. त्यातून दोन कान गालिच्यावर पडले. एक माझ्या पायाशी राहिला, दुसरा उडून थेट अण्णांच्या मोज्यापाशी गेला.

कुणाची तरी लेक म्हणाली, ‘मम्मी, आर दोज रिअल?’ मग एसीची घरघर तेवढी ऐकू येत होती. तो एसी आमच्याच कंपनीने बसवलेला आहे, तेव्हा त्याबद्दल मी जास्त बोलत नाही.

पुढे काय झालं ते सांगतो. पण गोष्ट माहीत असलेल्यालासुद्धा ती पहिल्यापासून सांगावी असा तुझाच आग्रह असायचा, म्हणून आधी मागचं.

तुझी नोकरी दोह्याबाहेर, मेसईदच्या खत कारखान्यात. आठवडाभर यंत्रांच्या आवाजात कानात नारिंगी बोळे घालून राहायचास आणि शुक्रवारी मेधावहिनींना घेऊन आमच्याकडे ओल्ड एअरपोर्ट भागात जेवायला यायचास. बोळ्यांची दोरी गळ्यात तशीच. आवाजही कारखान्यातलाच. आमच्याकडे वरणाला फोडणी कशाची दिली होती हे खालच्या मजल्यावरच्या मल्याळी कुटुंबाला तुझ्याकडून कळायचं. अशाच एका शुक्रवारी पहिला घास घ्यायच्या आधी तू म्हणालास, ‘वहिनी, कान कापले त्यांचे.’

‘कुणाचे?’ शुभा घाबरली. तिला वाटलं, कारखान्यात काही झालं.

‘इंग्लंडात. एक वकील, एक पाद्री, एक डॉक्टर.’

‘अगं बाई. कधी?’

‘चारशे वर्षं होत आली.’

‘मग आधी जेवा,’ शुभा म्हणाली.

पण तू कसला जेवतोस. ते तिघे प्युरिटन होते, म्हणजे नक्की कोण, हे तू आम्हाला पापडावर शिकवलंस. अख्खा पापड म्हणजे धर्मपीठ. त्याच्या बरोबर मध्ये ठेवलेली लिंबाची फोड म्हणजे आर्चबिशप, त्यांचा मुख्य धर्मगुरू. मिठाचे कण म्हणजे हे लोक. ‘देव तोच, ग्रंथ तोच,’ तू म्हणालास. ‘यांचं म्हणणं एवढंच, की मध्ये ही जी लिंबाची फोड बसलीय तिचा थाट फार झालाय, पूजा साधी ठेवा. हे त्यांनी छापलं. लपवून छापलं, लपवून वाटलं. सापडले. शिक्षा काय, तर भर चौकात लाकडाच्या खोड्यात मान अडकवायची आणि दोन्ही कान कापायचे. वर आजन्म कैद.’ त्यातल्या वकिलाचे कान तर पूर्वीही एकदा कापले होते. उरलेल्या खुंटांवर पुन्हा सुरी चालली आणि गालांवर तापल्या लोखंडाने अक्षरं उमटवली. पण ते चौकाकडे येत होते तेव्हा लोकांनी त्यांच्या वाटेवर फुलं आणि सुवासिक पाला पसरला होता. आणि डॉक्टरची बायको एका स्टुलावर चढली, खोड्यात अडकलेल्या नवऱ्याचा सगळ्यांसमोर मुका घेतला आणि त्याचे कापलेले कान रुमालात घेऊन घरी गेली.

शुभाच्या हातातली वरणाची पळी तशीच राहिली होती.

‘घरी नेऊन काय केलं तिने त्यांचं?’

‘ते कुठे लिहिलेलं नाही.’

‘लिहायला हवं होतं,’ ती म्हणाली, आणि मग तुझ्या भातावर वरण वाढलं.

तू नाटक लिहिलंस ते त्या एका वाक्यामुळे, हे तू तिला कधी सांगितलं नाहीस. मला सांगितलं होतंस. मीही तिला सांगितलं नाही. हे असलं सगळं मागे राहतं बघ.

अण्णांनी नाटक नाकारलं. त्यांचं म्हणणंही अगदीच टाकाऊ नव्हतं, हे मी तेव्हाही म्हणत होतो. उभी हयात इथे काढलेला माणूस. द पर्ल बेटावरच्या लेकाच्या घरात राहतो आणि तिथल्या चकचकीत लिफ्टमध्येही धोतराचा सोगा हातात धरून उभा राहतो. ‘विनायक, आपण इथे पाहुणे,’ ते म्हणाले. ‘देवाच्या माणसांवर नाटक नको. कुठल्याच देवाच्या.’

‘अण्णा, ते मरून चारशे वर्षं झाली.’

‘मेलेल्यांनाही नातेवाईक असतात.’

यावर तुला उत्तर सुचलं नाही. मला वाटतं तुझा खरा राग तोच होता. गणपतीत तू पत्रक काढलंस. एकाच पानाचं. मंडळाच्या नियमाने धर्म नको, राजकारण नको, भांडण नको, मग स्टेजवर उरतं काय, तर लहान मुलांचा फॅन्सी ड्रेस आणि अण्णांचं भाषण, असा मजकूर. आणि ते वाटलंस कसं, तर प्रसादाच्या प्रत्येक कागदी बशीत मोदकाखाली घडी घालून. भक्तिभावाने मोदक उचलावा तर खाली तू. अर्ध्या लोकांनी ते आरतीचं पान समजून कपाळाला लावलं. अण्णांनी मात्र चष्मा काढून, पुसून, पूर्ण वाचलं, आणि बैठक बोलावली. एक वर्ष स्टेजवर यायचं नाही, आणि मंडळाच्या ग्रुपवरून बाहेर.

तू इतका खूश झालेला मी कधी पाहिला नव्हता. दुसऱ्या दिवशी आरतीला तू कानटोपी घालून आलास. लोकरीची, नाशिकच्या थंडीतली, हनुवटीखाली बटण लावलेली. दोह्यातला सप्टेंबर, माणसं पार्किंगपासून दारापर्यंत येताना शिजत होती, आणि तू कान झाकून टाळ्या वाजवत उभा. ‘विन्या, चक्कर येऊन पडशील,’ मी म्हटलं. ‘काय?’ तू म्हणालास. ‘ऐकू येत नाही रे. कान नाहीत.’ अण्णांनी स्वतः पाण्याचा ग्लास आणून तुझ्या हातात दिला. तू तो प्यायलास. आपल्यात मात्र तेव्हापासून अण्णांचं नाव पडलं लिंबाची फोड.

पुढच्या वर्षी अण्णा थकले, म्हणाले आता तरुणांनी बघा, आणि मंडळातले तरुण म्हणजे पन्नाशीतले तू आणि मी. तू सांस्कृतिकचा प्रमुख झालास आणि पहिलं काम काय केलंस, तर स्वतःचं नाटक मंजूर. वकील तू, डॉक्टर मी, डॉक्टरची बायको शुभा. ‘यल्ला, तालीम,’ म्हणत तू दारातून शिरायचास. कान शुभाने केले, मैद्यात मीठ घालून मळले, ओव्हनमध्ये वाळवले, रंगवले. कापलेल्या बाजूला कुंकवाचं बोट. एकच जोडी केली, तिघांना मिळून, आणि माप तुझ्या कानांचं घेतलं. मागच्या रांगेतून दिसतील असे आपल्यात तेवढेच होते. ती वर्तमानपत्राचा कागद तुझ्या कानावर धरून पेन्सिल फिरवत होती आणि तू शाळेतल्या मुलासारखा डोळे मिटून बसला होतास. त्यामुळे नाटकात माझेही कान तुझेच होते.

आपलं भांडण शेवटावरून होतं. तुझं नाटक खोड्यापाशी संपायचं. फुलं, रुमाल, पडदा. मी म्हणायचो, गोष्ट तिथे संपत नाही. पुढे राज्य फिरलं, तिघे कैदेतून सुटून आले, लोकांनी त्यांना मिरवत आणलं, आणि त्याच बिनकानाच्या वकिलाने म्हाताऱ्या आर्चबिशपवरच्या खटल्यात जीव ओतून पुरावे गोळा केले. आर्चबिशपचं तर मुंडकंच गेलं. हे दाखव की. ‘नाही,’ तू म्हणायचास. ‘माणसं घरी रडत गेली पाहिजेत. तू त्यांना विचार करत पाठवणार.’ मी म्हणायचो, विचार करत गेली तर निदान गाडी नीट चालवतील. असं कितीतरी शुक्रवार चाललं. मला वाटायचं, हे असंच चालणार.

मग केतकीचं झालं. पुण्याची, फायनान्समध्ये, नुकतीच कॉन्ट्रॅक्टवर आलेली मुलगी. तिने ग्रुपवर लिहिलं की परक्या देशाचं जुनं भांडण इथल्या मुलांनी का बघायचं, आणि तालमीची वेळ कुणाला विचारून ठरवली. मग आणखी लिहिलं. मग आणखी. लोक तिच्या मेसेजना ‘लाइक’चे अंगठे द्यायला लागले. आणि एका दुपारी ग्रुपवर ती राखाडी ओळ आली, की तू तिला काढून टाकलंस.

शुक्रवारी जेवताना मी विषय काढला.

‘केतकीला काढलंस?’

‘तात्पुरतं.’

‘अण्णांनीही तुला तात्पुरतंच काढलं होतं.’

‘ते वेगळं. ही ऐन तालमीत लोकांची मनं मोडतेय.’

‘अण्णा हेच म्हणाले होते.’

‘अरे, पण ती चुकीचं बोलतेय.’

‘मग तुझा वकील कुठे बरोबर होता? पहिल्यांदा त्याचे कान कशाबद्दल गेले? नाटकं बंद करा म्हणून जाडजूड ग्रंथ लिहिला म्हणून. तू तेव्हा असतास विन्या, तर सुरी तूच आणून दिली असतीस.’

तू गळ्यातली बोळ्यांची दोरी बोटाभोवती गुंडाळत राहिलास. मग म्हणालास, ‘शेवटचा प्रवेश परत लिहायला लागेल,’ आणि उठलास. शुभाने सांज्याच्या पोळ्यांचा डबा पुढे केला. रागावला होतास तरी डबा घेतलास, एवढ्यावर मी त्या दिवशी निश्चिंत झोपलो.

विन्या, तुझ्याशी वाद जिंकायची मला सवय नव्हती. हरलो की दुसऱ्या दिवशी फोन मी करायचो, ते ठरलेलं होतं. जिंकल्यावर काय करतात ते माहीत नव्हतं. म्हणून तुझ्या फोनची वाट बघत बसलो. शनिवार गेला, रविवार गेला. म्हटलं, लिहीत असेल.

बुधवारी सकाळी शिफ्टची बस दाराशी उभी होती आणि तू बूट घालत होतास, एवढं मला माहीत आहे. बाकीचं मी वहिनींना विचारलेलं नाही.

तुला नाशिकला पाठवायच्या कागदांसाठी मी आणि अण्णा दिवसभर फिरलो. अण्णांचे गुडघे कसे आहेत तुला माहीत आहे. प्रत्येक खिडकीशी ‘आप कौन?’ असं विचारत होते, आणि मी ‘फ्रेंड’ म्हणायच्या आत अण्णा सांगत होते, ‘मेरा छोटा भाई.’ कुणी खात्री केली नाही. संध्याकाळी गाडीत बसल्यावर ते मला म्हणाले, ‘ते पत्रक चांगलं लिहिलं होतं त्याने. फॅन्सी ड्रेसचं तर खरंच होतं.’ हे तू ऐकायला हवं होतंस. पाठ केलं असतंस.

आता पुन्हा मजलिसमध्ये ये. कान गालिच्यावर पडलेत.

कंपनीचं घर रिकामं करायला मेधावहिनी नाशिकहून परत आल्या होत्या, म्हणून तर सभा इतकी उशिरा ठेवली. त्या समोरच बसल्या होत्या. मला वाटलं, आता आपण उठावं, बाहेर जावं आणि मेसईदच्या रस्त्याने थेट वाळवंटात चालत सुटावं. तेवढ्यात अण्णा वाकले. एक हात भिंतीला, एक गुडघ्यावर, हळूहळू वाकले आणि त्यांनी मोज्याजवळचा कान उचलला. उजेडात धरून बघितला.

‘त्याचेच ना हे?’

‘हो,’ मी म्हटलं. ‘मैद्याचे.’

शुभा उठली. तिला कुणी सांगितलं नव्हतं. माझ्या हातातला रुमाल तिने घेतला आणि तालमीत धरायची तसा दोन्ही तळव्यांवर पसरून अण्णांपुढे धरला. अण्णांनी त्यात कान ठेवला. दुसरा मी ठेवला. तिने चारी टोकं जुळवून गाठ मारली. तू तिला नेहमी ओरडायचास ना, ‘वहिनी, सावकाश, भाजी बांधत नाही आहात’, तशी त्या दिवशी तिने ती सावकाश मारली.

अण्णा खाली बसले. थोड्या वेळाने आपल्याशीच म्हणाले, ‘एवढंच होतं का त्या नाटकात?’

आणि मेधावहिनी हसल्या. नाशिकहून आल्यापासून पहिल्यांदा. ‘यांचे कान होतेच मोठे,’ त्या म्हणाल्या. ‘सासूबाई म्हणायच्या, मास्तरांना धरायला सोपे पडायचे.’ मग सगळेच हसले, आणि मग सगळ्यांनी आपापले रुमाल काढले. त्यांच्यातून काही पडलं नाही.

निघताना वहिनींनी शुभाला डबा दिला. पोळ्यांचा, घासून लख्ख केलेला. रिकामा कसा द्यायचा, म्हणून त्यात स्वयंपाकघर आवरताना उरलेला गूळ घातला होता. तुझ्या चहाचा.

बाहेर चपलांच्या ढिगात मी माझे बूट शोधत होतो तर केतकी आली. ऑफिसातून तशीच आलेली, गळ्यात आयडी कार्ड.

‘काका, एक सांगायचं होतं. त्यांचा फोन आला होता मला. सोमवारी.’

‘सॉरी म्हणायला?’

‘छे. भांडायला. माझा एकेक मेसेज मोठ्याने वाचायचे आणि उत्तर द्यायचे. मीही दिली उत्तरं. माझी रूममेट उठून बाल्कनीत गेली. आणि मग मध्येच म्हणाले, भांडतेस छान. वकिलाचं काम तू कर. शेवटचा प्रवेश नवीन लिहितोय, त्यात माझ्यावर खटला चालवायचा.’

‘तुझ्यावर नाही, त्याच्यावर?’ मी विचारलं.

‘हो, त्यांच्यावर. म्हणाले, तू वकील, मी लिंबाची फोड.’ मग तिने विचारलं, ‘लिंबाची फोड म्हणजे काय, काका? मला वाटलं कॉमेडी रोल आहे.’

मला बुटाची नाडी दिसेना.

‘सांगतो कधीतरी,’ मी म्हटलं. ‘तू काय म्हणालीस?’

‘मी विचार करून सांगते म्हणाले. शुक्रवारी सांगणार होते.’ तिने आयडी कार्डाची दोरी बोटाला गुंडाळली. ‘हो म्हणणार होते. थोडा भाव खाऊन.’

‘मग ग्रुपवर परत घेतलं का त्याने तुला?’

‘नाही. ते विसरले.’

म्हणजे तू उत्तर दिलं होतंस तर. मला सोडून. मी इकडे फोन उशाशी ठेवून बसलोय आणि तू तिकडे पोरीशी भांडून शेवट ठरवून मोकळा. मला सांगितलं असतंस तर मी जिंकलो असं तोंडावर म्हणावं लागलं असतं, तेवढ्यासाठी ना? शुक्रवारी आला असतास, जेवताना काहीच बोलला नसतास, आणि तालमीत एकदम आर्चबिशपचा झगा घालून उभा राहिला असतास. मी बघत राहिलो असतो आणि तू म्हणाला असतास, ‘काय बघतोस? खलास. चालव पुढे.’ मला तो शुक्रवार हवा होता रे. नाटक गेलं खड्ड्यात. ते दारातून शिरणं हवं होतं, त्या कर्कश आवाजासकट.

घरी येताना मी शुभाला सगळं सांगितलं. सिग्नलला सांगितलं, वळणावर सांगितलं. तो प्रवेश आता कोण लिहिणार, मला लिहिता येतं कुठे, मी एसीची अंदाजपत्रकं लिहितो, लिंबाची फोड अण्णांना विचारावं का, अण्णा हो म्हणतील का, की हे सगळं इथेच थांबवावं. तिच्या मांडीवर गुळाचा डबा होता, त्यावर रुमालाची गाठोडी. गाडी लावली, किल्ली काढली, तरी ती उतरेना. अंगठ्याने रुमालावरूनच चाचपून बघत होती, कुठे टवका उडालाय का.

‘हे राहू देत घरी,’ ती म्हणाली. ‘केतकीचे कान लहान आहेत. तिच्या मापाचे नवे करावे लागतील.’